मिक्सरची स्वच्छता आणि निगा (ग्रामीण विदर्भ)

घरगुती मिक्सर-ग्राइंडरची भांडी, पाती, बुश (पात्याचा दांडा ज्यात फिरतो ती धातूची नळी) आणि मोटारीचा खोका स्वच्छ व कोरडा ठेवणे, तसेच झिजलेला भाग धोका होण्याआधी ओळखून बदलणे, हे स्वयंपाकघरातले नित्याचे काम. विदर्भातल्या खेड्यांत पाटा-वरवंटा आणि खलबत्ता अजून घरोघर दिसतात, पण रोजचे वाटण आता बहुतेक ठिकाणी मिक्सरवरच होते : जवसाची चटणी, सावजी रश्श्याचा मसाला, वड्यांसाठी भिजवलेली लाखोळीची किंवा चण्याची डाळ, सांबारवडीचे (सांबार म्हणजे कोथिंबीर) सारण. या यंत्राची बरीच दुखणी दळण्यामुळे येत नाहीत. पाणी आणि वाटण नको त्या जागी शिरल्याने ती येतात, आणि ती जागा असते भांड्याच्या तळाशी, सहसा कोणी पाहत नाही तिथे.

रचना : मिक्सरचा आजचा भारतीय घाट १९६० च्या दशकात रूढ झाला. परदेशी यंत्रे फळांचा रस आणि दूध घुसळण्यासाठी बनलेली होती, कोरडा मसाला आणि भिजलेली डाळ त्यांना झेपत नसे. ही अडचण ओळखून अभियंते सत्यप्रकाश माथूर यांनी ‘सुमीत’ मिक्सर तयार केला. घरगुती मिक्सरची मोटार साधारण ५०० ते ७५० वॅटची असते आणि रिकामी फिरताना मिनिटाला १८,००० ते २०,००० फेरे घेते. भांड्यातले पाते एका दांड्यावर बसवलेले असते. हा दांडा तळातल्या पितळी किंवा तत्सम धातूच्या बुशातून खाली येतो, आणि त्याच्या टोकाला असलेला कपलर, म्हणजे दातेरी जोड, मोटारीवरच्या कपलरमध्ये अडकतो. बुश आणि दांडा यांच्यामध्ये ओल अडवणारे रबरी वायसर असते. ते झिजले की वाटणाचे पाणी थेंबाथेंबाने खाली उतरते, आधी बुश गंजवते, मग कपलर ओला करते आणि शेवटी मोटारीत शिरते. कपलर मुद्दाम कमी कणखर पदार्थाचा बनवलेला असतो. पाते अडकले तर आधी तो तुटावा आणि मोटार वाचावी, असा त्यामागे हेतू आहे. त्यामुळे कपलरचे दात झिजले म्हणून लगेच यंत्राला दोष देऊ नये. तो स्वस्तात बदलता येतो.

धुण्याची रीत : वाटण काढल्याबरोबर भांड्यात पाव भाग कोमट पाणी आणि साबणाचा एखादा थेंब घालावा, झाकण घट्ट लावावे आणि इंचरने (धरून ठेवू तेवढाच वेळ पाते फिरवणाऱ्या बटणाने) दोन-तीनदा फिरवावे. पात्याखाली बोट न घालता तिथला चिकटा यामुळे सुटतो. मग पाणी ओतून भांडे विसळावे, झाकणाची रबरी रिंग काढून वेगळी धुवावी. रिंगेच्या खाचेत राहिलेले वाटण दुसऱ्या दिवशी आंबते आणि नव्या चटणीला वास देते. भांडे घासताना लांब दांडीचा ब्रश वापरावा. मोरीत फेसाच्या पाण्यात बुडवून ठेवलेले भांडे फार धोक्याचे, कारण आतले पाते दिसत नाही आणि दुसरेच कोणी त्यात हात घालते. राखेने किंवा वाळूने घासल्यास प्लास्टिकच्या झाकणावर ओरखडे पडतात, त्यांत मसाल्याचा रंग बसतो आणि बारीक कण बुशात जाऊन दांडा घासतात. मांडणीवर भांडी उपडी घालायची सवय चांगली आहे, पण मिक्सरचे भांडे तिला अपवाद. उपडे केले की तळाची खोलगट बाजू वर येते, शेजारच्या भांड्यांचे पाणी तिच्यात साचते आणि बुशात मुरते. ते आडवे ठेवून निथळू द्यावे, तळ फडक्याने कोरडा करावा आणि मगच मोटारीवर बसवावे.

मोटारीचा खोका नळाखाली किंवा बादलीत कधीही नेऊ नये. प्लग काढून, पिळून घेतलेल्या फडक्याने पुसावा. हवेच्या झरोक्यांतली धूळ आणि पीठ कोरड्या ब्रशने झटकावे. अनेक मिक्सरमध्ये कपलरच्या खळग्यातून सांडलेले पाणी बाहेर जाण्यासाठी एक बारीक छिद्र असते. पिठाने ते बुजले की पाण्याला मोटारीकडेच वाट मिळते, म्हणून काडीने ते अधूनमधून मोकळे करावे. पावसाळ्यात झुरळे आणि मुंग्या खोक्याच्या उबेला येतात, उंदीर वायर कुरतडतात. मिक्सर आडोशाला ठेवताना वायर रोज एकदा नजरेखालून घालावी.

वाटणानुसार सफाई : जवस हे विदर्भाच्या स्वयंपाकाचे खास धान्य, आणि मिक्सरला सर्वांत जास्त त्रास देणारेही तेच. त्याच्या टरफलात पाणी लागताच बुळबुळीत होणारा चिकट पदार्थ असतो आणि दाण्यात भरपूर तेल. जवसाची चटणी काढून लगेच पाणी घातले की भांड्याला गोंदासारखा थर बसतो. आधी मूठभर बेसन किंवा ज्वारीचे पीठ घालून कोरडेच फिरवावे. तेल आणि भुकटी पिठात येते, आणि ते पीठ भाजीला किंवा आळणाला वापरता येते. नंतर कोमट पाणी आणि साबण. तीळ, खसखस, सुके खोबरे यांनाही हीच रीत लागू पडते.

हळदीचा पिवळा रंग पाण्यात विरघळत नाही, तेलात विरघळतो. म्हणून झाकणावरचा डाग आधी तेलाच्या बोटाने चोळावा आणि मग साबणाने धुवावा. उरलेली छटा उन्हात फिकी पडते, आणि ऊन आपल्याकडे मुबलक आहे. समुद्रपूर तालुक्यातली वायगावची हळद भौगोलिक मानांकनामुळे देशभर ओळखली जाते. तिची असोत किंवा दुसरी, अख्खी हळकुंडे मिक्सरमध्ये टाकू नयेत. ती खडे फिरवल्यासारखी पात्यावर आदळतात. आधी खलबत्त्यात फोडावीत, आणि वर्षाची हळद-मिरची तर कांडप यंत्रावरच न्यावी. भिवापुरी किंवा कुठलीही वाळलेली मिरची फिरवल्यावर झाकण लगेच उघडू नये. दोन मिनिटे भुकटी खाली बसू द्यावी, नाहीतर ती डोळ्यांत आणि श्वासात जाते. तिखटपणा नुसत्या पाण्याने जात नाही. हाताला जळजळ झाली तर आधी तेल चोळून मग साबण लावावा, तोवर डोळ्यांना हात लावू नये.

खारे पाणी : अकोला, अमरावती आणि बुलढाणा जिल्ह्यांतल्या पूर्णा नदीच्या खोऱ्यात खारपाणपट्टा आहे. तिथले भूजल खारे, आणि इतर अनेक गावांतही विहीर-बोअरचे पाणी जड असते. अशा पाण्याने धुतलेले भांडे तसेच सुकू दिले तर पांढरे डाग पडतात, दांड्याभोवती क्षार जमतात आणि स्टीललाही बारीक खड्डे पडून गंज धरतो. शेवटचे विसळणे पिण्याच्या गोड्या पाण्याने करावे. एक पेलाभर पुरते. पांढरा थर लिंबाच्या रसाने सुटतो, पण रस लावून रात्रभर ठेवू नये. या भागात भांडे कोरडे पुसणे हे धुण्याइतकेच महत्त्वाचे आहे.

वीज आणि अपघात : लाइन गेली की आधी मिक्सरचे बटण बंद करावे आणि मग प्लग काढावा. बटण चालूच राहिले आणि कोणी भांड्यात चमचा घालून बसले असताना लाइन आली, तर पाते त्या क्षणी फिरते. वाटण खाली ढकलायचे असेल तेव्हाही भांडे मोटारीवरून उतरवूनच चमचा घालावा. इतकी एकच सवय लागली तरी बोटांच्या कितीतरी जखमा टळतील. ओल्या हाताने प्लग धरू नये. तीन पिनी असलेल्या वायरीची अर्थिंगची पिन कापून ती दोन पिनींच्या सॉकेटमध्ये बसवणे, हा प्रकार ताबडतोब थांबवण्यासारखा आहे. घराच्या मीटरपाशी ३० मिलिअँपिअरचे आरसीसीबी (करंटची गळती होताच वीज तोडणारे स्विच) बसवल्यास वीज अंगातून जाऊ लागताच पुरवठा तुटतो. जुन्या घरांत ते नसते, आणि मिक्सरपेक्षा आधी त्यावर खर्च करावा असे येथे आवर्जून सांगावेसे वाटते. कोणाला झटका बसला तर त्याला न शिवता मेन बंद करावी आणि रुग्णवाहिकेसाठी १०८ ला फोन करावा.

कढत डाळ किंवा रस्सा बंद भांड्यात फिरवला तर वाफेने झाकण उडते आणि चेहरा भाजतो. वाटण निवू द्यावे, भांडे अर्धेच भरावे.

उन्हाळा आणि कमी दाब : मोटार आजूबाजूची हवा ओढून थंड होते. चंद्रपूर-नागपूरकडे मे महिन्यात पारा ४५ अंशांच्या वर जातो, तेव्हा ती हवाच तापलेली असते. त्यातच शेतीपंप चालू असताना दाब उतरला तर मोटार मंदावते, तिच्यावरचा पंखाही मंदावतो आणि घट्ट वाटण अडते. घुर्रर आवाज येऊन पाते फिरत नसेल तर बटण धरून न ठेवता लगेच बंद करावे. अशा दिवसांत मिनिट-दीड मिनिट फिरवून तेवढीच विश्रांती द्यावी, डाळ थोडी थोडी घालावी, जमल्यास वाटण सकाळीच उरकावे. मिक्सर आपोआप बंद पडला तर खोक्याखालचे लाल बटण (जास्त भार आला की उडून मोटार बंद करणारे) लगेच दाबू नये. भांड्यातले वाटण कमी करावे, मोटार निवू द्यावी आणि मग ते दाबावे. ते पुन्हापुन्हा उडत असेल तर दोष आतला आहे. बचत गटाच्या चटण्या-मसाल्यांसाठी घरगुती मिक्सर तासन्‌तास चालवण्याची वेळ अनेक बायांवर येते. त्या कामाला तो बनलेलाच नाही. गटाने मिळून व्यावसायिक यंत्र घेणे दीर्घकाळात स्वस्त पडते.

झीज आणि दुरुस्ती : खडे मीठ फिरवल्याने पात्याला धार येते असा समज सर्वत्र आहे. मिठाने चिकटलेला मळ खरवडला जातो, म्हणून पाते चांगले चालल्यासारखे वाटते, पण धार येत नाही, आणि राहिलेले मीठ गंज मात्र आणते. धार लावणाऱ्याकडे पाते दिले तर दोन्ही बाजू सारख्याच घासायला सांगाव्यात. एक बाजू हलकी झाली की भांडे थरथरते आणि बुश लवकर खातो. बरेच दिवस न वापरलेल्या भांड्याचा दांडा अडकला तर जोर लावू नये. भांडे उपडे करून तळात थोडे गरम पाणी घालावे, काही वेळाने कपलर हाताने मागेपुढे फिरवावा, सुटल्यावर पाणी ओतून तळ पुसावा आणि खाद्यतेलाचा एक थेंब सोडावा. शिलाई मशीनचे तेल येथे नको, कारण ते झिरपून अन्नात येते.

भांड्याखाली ओल दिसणे, दांडा हाताने हलवल्यावर डुगडुगणे किंवा वाटणात काळसर कण येणे, ही बुश आणि वायसर बदलण्याची खूण. खोक्याच्या झरोक्यातून मोठ्या ठिणग्या दिसल्या तर कार्बन (मोटारीच्या फिरत्या भागाला वीज पोचवणारे कांडीसारखे तुकडे) झिजलेले असतात. तालुक्याच्या किंवा आठवडी बाजाराच्या गावी ते मिळतात, पण जोडीने बदलावेत. जळका वास आणि धूर आला तर प्लग काढून मिक्सर थेट दुकानात न्यावा. वाइंडिंग (मोटारीतल्या तारेचे वेढे) जळालेले असेल तर नवे तांब्याचे की अॅल्युमिनियमचे घालणार हे आधी विचारून घ्यावे, आणि दुरुस्तीनंतर दुकानातच रिकामा फिरवून खोक्याला करंट उतरत नाही ना हे टेस्टरने पाहायला सांगावे.