कावामुरा, गेन्की
(१२ मार्च १९७९ – ). जपानी चित्रपटनिर्माते, कादंबरीकार व दिग्दर्शक. जन्म योकोहामा येथे. तोक्योच्या सोफिया विद्यापीठातून पदवी घेतल्यावर ते तोहो या चित्रपटकंपनीत दाखल झाले. सुरुवातीला ओसाकातील चित्रपटगृहात ते तिकिटे फाडत, असे सांगितले जाते.

देन्शा ओतोको (२००५) हा त्यांचा पहिला गाजलेला चित्रपट. २०१० मध्ये कोकुहाकु व आकुनिन हे दोन चित्रपट आले. किनेमा जुन्पो या चित्रपटविषयक नियतकालिकाच्या त्या वर्षीच्या क्रमवारीत आकुनिन पहिला, तर कोकुहाकु दुसरा ठरला. पुढच्याच वर्षी त्यांना निर्मात्यांसाठीचा फुजिमोतो पुरस्कार मिळाला.

त्यांचे श्रेय नेमके कोणते, हे मराठीतील ‘निर्माता’ या शब्दावरून उलगडत नाही. जपानीत ‘सेइसाकु’ या एकाच उच्चाराचे दोन शब्द आहेत. एकाच्या पहिल्या अक्षराखाली ‘वस्त्र’ या अर्थाचे चिन्ह जोडलेले असते. तो शब्द भांडवल उभारून हक्क राखणाऱ्यांसाठी वापरतात. ते चिन्ह नसलेला शब्द प्रत्यक्ष चित्रपट घडविण्यासाठी. कावामुरांचे नाव बहुधा या दोन्हींखाली नसून ‘किकाकु’ म्हणजे योजना-आखणी या सदरात येते. तेन्की नो को (२०१९) या ॲनिमेशनपटाच्या श्रेयनामावलीत हा भेद स्पष्ट दिसतो.

भांडवल ‘सेइसाकु इइन्काइ’ म्हणजे निर्मिती-समिती पुरवते. वितरक, दूरचित्रवाणी वाहिनी, प्रकाशक, ध्वनिमुद्रण कंपनी असे भागीदार पैसे घालून आपापल्या क्षेत्रातील हक्क घेतात. ॲनिमेशनपटाची चित्रे काढणाऱ्या स्टुडिओच्या हाती पुष्कळदा ठरीव मोबदलाच पडतो. या पद्धतीचा उगम वादग्रस्त आहे. काही अभ्यासक तो अकिरा (१९८८) या चित्रपटापर्यंत नेतात, तर काही १९९५ च्या एव्हान्गेलिऑन मालिकेपर्यंत. भागीदारीची रीत १९८० च्या दशकातच रुळू लागली व १९९५ नंतर ती सार्वत्रिक झाली, हे मत अधिक ग्राह्य वाटते.

ॲनिमेशनमध्ये कावामुरा दिग्दर्शक मामोरू होसोदांच्या ओकामी कोदोमो नो आमे तो युकी (२०१२) या चित्रपटापासून दिसतात. त्यांची आखणी असलेल्या, माकोतो शिंकाई दिग्दर्शित किमी नो ना वा (२०१६) याने जपानमध्ये सुमारे २५ अब्ज येन मिळविले. तेन्की नो को चाहत्यांच्या ऑनलाइन मागणीनंतर ऑक्टोबर २०१९ मध्ये भारतातही लागला. ॲनिमेशन व सजीव (प्रत्यक्ष नटांचे) चित्रपट यांच्यातील ये-जा त्यांच्या निवडीत उघड दिसते : बाकुमान (२०१५) हा मांगा (जपानी चित्रकथा) काढणाऱ्या चित्रकारांवरचा सजीव चित्रपट, तर १९९३ च्या एका दूरचित्रवाणी-नाट्याचे त्यांनी २०१७ मध्ये ॲनिमेशन करविले.

२०१७ मध्ये त्यांनी स्टोरी ही कंपनी काढली. हिरोकाझू कोरेएदांच्या काइबुत्सु (२०२३) या चित्रपटाची आखणीही त्यांची. त्याला कान महोत्सवात पटकथेचा पुरस्कार मिळाला. स्वतःच्या कादंबरीवरील ह्याक्का (२०२२) साठी स्पेनमधील सान सेबास्तियान चित्रपट महोत्सवात ते सर्वोत्कृष्ट दिग्दर्शक ठरले. एका व्हिडिओ गेमवर आधारलेला त्यांचा दुसरा दीर्घ चित्रपट २०२५ मध्ये कान येथे मध्यरात्रीच्या विभागात दाखविला गेला.