युरोपीय चित्रांचे प्रदर्शन-कॅटलॉग घेण्यापूर्वी

कॅटलॉग हातात आला की बहुतेक जण आधी चित्रांची पाने चाळतात. चाळावीतच. पण निव्वळ चित्रे पाहायची असतील तर हजारो रुपये घालू नका, असे आम्ही दुकानात येणाऱ्यांना आवर्जून सांगतो. अ‍ॅमस्टरडॅमचे राइक्सम्युझियम आपल्या संग्रहातल्या चित्रांच्या मोठ्या प्रतिमा संकेतस्थळावर मोफत देते. न्यूयॉर्कच्या मेट्रोपॉलिटन म्युझियमचे कित्येक जुने कॅटलॉग तर अख्खेच मोफत उतरवून घेता येतात. हवा असलेला कॅटलॉग आधी तिथे शोधा. छापील प्रत घ्यायची ती शेजारी ठेवून पुन्हापुन्हा वाचण्यासाठी, आणि त्यात वाचायच्या असतात त्या चित्रांखालच्या नोंदी.

नोंदीत चित्रकार, वर्ष आणि माध्यमानंतर मापे येतात. आधी उंची, मग रुंदी. म्हणजे २८ × ३९ सें.मी. असेल तर चित्र आडवे. त्यापुढे ते चित्र आजवर कोणाकोणाकडे होते याची साखळी दिलेली असते. ती बारीक टायपात असल्यामुळे वगळली जाते, पण आमच्या मते कॅटलॉगचे निम्मे मोल तिथेच आहे. १९३३ ते १९४५ या वर्षांतला मालक नोंदलेला नसेल, तर नाझी राजवटीत ते चित्र कोणाकडून हिसकावून घेतलेले नाही ना, हे संग्रहालयाला तपासावे लागते.

प्रिंटच्या कॅटलॉगमध्ये नोंदी आणखी महत्त्वाच्या. इथे प्रिंट म्हणजे तांब्याच्या पत्र्यावर किंवा लाकडी ठोकळ्यावर कोरून घेतलेला ठसा; भिंतीवर लावायचे पोस्टर नव्हे. नोंदीत ‘बा. ७४’ (B. 74) असा आकडा दिसतो तो व्हिएन्नाच्या आडाम फॉन बार्च यांनी १८०३ ते १८२१ दरम्यान प्रसिद्ध केलेल्या २१ खंडांच्या सूचीतला. चित्रकाराच्या नावाशिवाय हा आकडा निरुपयोगी आहे. जर्मन चित्रकार ड्यूररच्या १५१४ मधल्या ‘मेलेंकोलिया’चा क्रमांक ७४ आणि डच चित्रकार रेम्ब्राँटच्या ‘शंभर गिल्डर’ ठशाचाही, बार्च यांच्याच १७९७ मधल्या वेगळ्या सूचीत, ७४च. ऑर्डर देताना नुसता आकडा कळवू नये तो यासाठी.

आकड्यानंतर ‘अवस्था’ लिहिलेली असते, म्हणजे पत्र्यात बदल करत गेल्यावर त्याच्या कोणत्या टप्प्यावर हा ठसा घेतला ते. रेम्ब्राँटचा १६५३ मधला ‘तीन क्रूस’ पाहा. त्याने तांब्यावर सुईने थेट ओरखडे काढले होते. अशा रेषेच्या कडेला धातूची कूस उभी राहते, तिच्यात शाई अडकते आणि ठशात मखमली काळोख येतो. पण दाबयंत्राखाली ती कूस लवकर झिजते. चौथ्या अवस्थेपर्यंत रेम्ब्राँटने पत्रा जवळजवळ नव्याने कोरला: माणसे पुसली, घोडेस्वार आणला, उभ्या-तिरक्या रेषांनी दृश्य अंधारात बुडवले. आधीची आणि ही चौथी अशा दोन्ही अवस्था समोरासमोर छापलेला कॅटलॉग मिळाला, तर थोडे जास्त पैसे गेले तरी तोच घ्या.

ड्यूररच्या ‘गेंडा’ या लाकडी ठोकळ्यावरच्या ठशाचेही असेच. खरा गेंडा गुजरातच्या सुलतानाकडून पोर्तुगीजांकडे आला, गोव्याहून जहाजात चढला आणि मे १५१५ मध्ये लिस्बनला उतरला. ड्यूररने तो कधी पाहिलाच नाही. दुसऱ्याच्या रेखाटनावरून आणि वर्णनावरून ठोकळा तयार झाला. ड्यूरर १५२८ मध्ये वारला, तरी छपाई चालूच राहिली. उशिराच्या ठशांत गेंड्याच्या पायांवरून ठोकळ्याची चीर गेलेली दिसते. चांगल्या कॅटलॉगमध्ये समोरचा ठसा कोणत्या आवृत्तीचा हे सांगितलेले असते.

इंटरमिजिएटला स्थिरचित्राचा पेपर दिलेल्यांनी डच स्थिरचित्रांचा कॅटलॉग जरूर पाहावा. हार्लेमच्या पीटर क्लास आणि विलेम हेडा यांनी अर्धे सोललेले लिंबू, कलंडलेला चांदीचा पेला आणि चुरगळलेले पांढरे कापड एवढ्यावर टेबल उभे केले, तेही करड्या-तपकिरी रंगांत. अशा चित्रांत छपाई किंचित पिवळी झाली तरी सगळा तोल जातो. म्हणून पान उघडल्यावर आधी पांढरे कापड आणि जस्ती रंगाची भांडी पाहा. फुले छान दिसतातच, त्यांवरून छपाईची परीक्षा होत नाही.

माद्रिदचे प्रादो संग्रहालय १८१९ मध्ये खुले झाले; एकट्या स्त्री-चित्रकाराचे पहिले प्रदर्शन तिथे भरले २०१६ मध्ये, स्थिरचित्रे काढणाऱ्या क्लारा पीटर्सचे. तिने पेल्याच्या आणि सुरईच्या चकाकीत स्वतःची चिमुकली प्रतिबिंबे रंगवली आहेत. पूर्ण चित्राच्या छायाचित्रात ती हाती लागत नाहीत. म्हणून बारकावे मोठे करून छापले आहेत का, हे घेण्याआधी विचारा. आम्ही त्या पानांचे फोटो पाठवतो.

आपल्याकडे खरा धोका पावसाळ्याचा. आर्ट पेपर ओला झाला की पाने एकमेकांना चिकटतात आणि मग ती सुटत नाहीत, चित्रच फाटते. भिंतीला लागून असलेल्या कपाटात कॅटलॉग ठेवू नका, प्लॅस्टिकमध्ये घट्ट गुंडाळूही नका. जाडजूड प्रती आडव्या ठेवा, नाहीतर शिवण खालच्या बाजूला ओढली जाते.

जुन्या प्रतींचे दोष आम्ही आधीच कळवतो: ग्रंथालयाचा शिक्का, तपकिरी ठिपके, पेन्सिलीच्या खुणा. पेन्सिलीच्या खुणांमुळे आम्ही किंमत फारशी कमी करत नाही; जाणकाराने केलेल्या खुणा कामाच्या असतात. मागणी नोंदवताना चित्रकार, संग्रहालय, प्रदर्शनाचे वर्ष आणि भाषा कळवा. एकच प्रदर्शन दोन शहरांत भरले की कॅटलॉग कधीकधी दोन भाषांत निघतो, आणि मुखपृष्ठ सारखे असल्याने चुकीची प्रत येऊ शकते. वजन दोन-तीन किलोपर्यंत जाते, त्यामुळे टपालखर्च आधी विचारून घ्या.