काझिमिएश गुर्स्की: ८-० च्या पराभवातून १९७४ च्या वर्ल्डकपपर्यंत

पोलंडच्या नॅशनल टीमचा आजवरचा सगळ्यात मोठा पराभव कुठला असं विचारलं तर उत्तर आहे २६ जून १९४८, कोपनहेगन, डेन्मार्क ८ पोलंड ०. त्या दिवशी पोलंडकडून एक सडपातळ फॉरवर्ड खेळला, त्याला मध्येच बाहेर पण काढलं, आणि त्यानंतर नॅशनल टीमची जर्सी त्याला परत कधी मिळाली नाही. आख्ख्या करिअरमध्ये देशासाठी एकच मॅच आणि ती पण ही. त्याचं नाव काझिमिएश गुर्स्की. ह्याच माणसाने पुढे कोच म्हणून पोलंडला ऑलिंपिक गोल्ड मिळवून दिलं, इंग्लंडला वर्ल्डकपच्या बाहेर ठेवलं आणि १९७४ ला जगात तिसऱ्या नंबरावर नेलं. आज पोलंडचा फुटबॉल म्हटलं की सगळे लेवांडोव्स्कीबद्दल बोलतात, बोलावंच, पण त्या देशात फुटबॉलवर एवढं प्रेम का आहे हे कळायचं असेल तर गुर्स्कींपासून सुरुवात करावी लागते असं माझं ठाम मत आहे.

गुर्स्की जन्मले २ मार्च १९२१ ला, ल्वूव शहरात. हे शहर आज युक्रेनमध्ये आहे, लव्हिव नावाने. तेव्हा ते पोलंडमध्ये होतं आणि पोलिश फुटबॉलचा उगमच तिथला. १८९४ च्या जुलैमध्ये ल्वूव आणि क्राकूवच्या व्यायाम मंडळांच्या पोरांची मॅच झाली, पोलिश फुटबॉलमधली पहिली नोंद असलेली मॅच हीच, आणि ती चालली फक्त ६ मिनिटं! खोमित्स्की नावाच्या ल्वूवच्या मुलाने गोल मारला आणि खेळ थांबवला, कारण नंतर मैदानावर कसरतींचा कार्यक्रम होता. आपल्याकडे कोल्हापुरात जसे पेठेतल्या तालमींतून फुटबॉल संघ उभे राहिले तसंच काहीसं हे, व्यायामशाळेच्या अंगणातून आलेला फुटबॉल. पुढे १९२० च्या दशकात ल्वूवचा पोगोन हा क्लब ४ वेळा पोलंडचा चॅम्पियन झाला. गुर्स्कींचे वडील रेल्वेत कामाला, घर साध्या वस्तीत, आणि पोरगा खेळायला लागला तो आरकेएस ह्या कामगारांच्या क्लबमध्ये. चालायला हलका, चेंडू पायात आला की सुळकन निसटणारा, म्हणून लोक त्याला 'सारेन्का' म्हणायचे, म्हणजे हरणाचं पाडस.

मग १९३९. गुर्स्की १८ वर्षांचे. सप्टेंबरमध्ये एका बाजूने जर्मन आले, दुसऱ्या बाजूने रशियन, आणि ल्वूव रशियनांकडे गेलं. क्लबांची नावं बदलली, गुर्स्की स्पार्ताक ल्वूवकडून खेळले. १९४१ ला जर्मन आले, त्यांनी पोलिश लोकांचं खेळणंच बंद केलं. १९४४ ला परत रशियन आले, तेव्हा दिनामो ल्वूव. खेळाडूची खरी वर्षं कोणती, १८ ते २४, ती सगळी ह्यात गेली, आणि युद्ध संपल्यावर शहरच देशातून गेलं, सीमारेषा पश्चिमेला सरकली आणि ल्वूवच्या पोलिश लोकांना आपलं गाव मागे टाकावं लागलं.

इथे एक गोष्ट सांगितल्याशिवाय राहवत नाही कारण मी कोल्हापूरचा. ह्याच पूर्व पोलंडमधून, ल्वूव आणि आसपासच्या भागातून १९४०-४१ मध्ये रशियनांनी हजारो कुटुंबं उचलून सायबेरिया आणि कझाकस्तानला नेली, आणि त्यातून वाचलेली माणसं, जास्त करून बायका आणि लहान पोरं, इराणमार्गे भारतात आली आणि त्यातली सुमारे ५ हजार आमच्या वळिवड्याच्या कॅम्पमध्ये १९४३ ते १९४८ राहिली. म्हणजे गुर्स्की वॉर्सात नव्याने सुरुवात करत होते तेव्हा त्यांच्याच मुलखातली पोरं पंचगंगेच्या काठी शाळेत जात होती. महावीर उद्यानात त्यांची आठवण म्हणून स्तंभ आहे, जाता येता दिसतो. गुर्स्कींचा कोल्हापूरशी थेट संबंध काही नाही, पण ल्वूव हे नाव वाचलं की मला ते सगळं डोळ्यासमोर येतं.

तर १९४५ ला गुर्स्की वॉर्साच्या लेगियात आले, लेगिया म्हणजे लष्कराचा क्लब, शहर तेव्हा अक्षरशः विटांचा ढीग होता. १९५३ पर्यंत तिथे खेळले, मधेच ती कोपनहेगनची मॅच, आणि मग कोचिंग. लेगिया, मारिमोंत, लुब्लिनियान्का, ग्वार्दिया, वूज शहराचा वूकेएस असे क्लब केले, पण त्यांचं खरं काम पोरांच्या टीममध्ये झालं. १९५० च्या दशकाच्या मध्यापासून १९७० पर्यंत ते आधी पोलंडची ज्युनियर टीम आणि मग २३ वर्षांखालची टीम सांभाळत होते. पेपरात नाव नाही, टीव्हीवर नाही, नुसतं गावोगाव फिरून पोरं बघायची. १९७४ बद्दल बोलताना लोक गोल सांगतात, मॅच सांगतात, पण पाया इथे घातला गेला. नॅशनल टीम हातात आली तेव्हा अर्ध्याअधिक खेळाडूंना ते मिसरूड फुटायच्या आधीपासून ओळखत होते, कोण चिडला की चांगला खेळतो, कोणाला शांतपणे सांगावं लागतं, हे त्यांना पाठ होतं.

अजून एक कारण होतं आणि ते तिथल्या व्यवस्थेत होतं. कम्युनिस्ट पोलंडमध्ये प्रोफेशनल खेळाडू कागदावर नव्हतेच. लेगियाचे खेळाडू कागदोपत्री सैनिक, झाब्झे गावच्या गुर्निकचे खेळाडू कोळसा खाणीचे कामगार, मिएलेत्सच्या स्तालचे विमान कारखान्याचे. भरात असताना बाहेरच्या देशात खेळायला सोडायचे नाहीत, वय झाल्यावर परवानगी. खेळाडूंवर हा अन्यायच होता, ह्यात दुमत नाही, पण त्यामुळे सगळे चांगले खेळाडू घरच्याच लीगमध्ये एकमेकांसमोर दर आठवड्याला खेळत होते आणि कोचला हवे तेव्हा मिळत होते. १९७० ला गुर्निक कप विनर्स कप ह्या युरोपातल्या क्लबांच्या स्पर्धेच्या फायनलला गेला, मँचेस्टर सिटीकडून २-१ हरला, त्याच सीझनला लेगिया युरोपियन कपच्या सेमीफायनलला. माल तयार होता, हातात घेणारा माणूस हवा होता. १९७० च्या डिसेंबरमध्ये गुर्स्कींना नॅशनल टीम मिळाली.

पहिला मोठा टप्पा १९७२ चं म्युनिक ऑलिंपिक. पश्चिमेकडचे देश खरोखरच्या हौशी पोरांना पाठवायचे आणि पूर्वेकडचे आपली मेन टीम, त्यामुळे ऑलिंपिक फुटबॉलचं गोल्ड थोडं जपूनच मोजावं हे मान्य, पण पोलंडसमोर पूर्व जर्मनी, सोव्हिएत युनियन आणि हंगेरी होते, म्हणजे सगळ्या मेन टीमच. सोव्हिएत युनियनशी मॅचमध्ये ब्लोखिनने गोल मारून त्यांना पुढे नेलं, मधल्या फळीतल्या डेयनाने पेनल्टीवर बरोबरी केली आणि शेवटची काही मिनिटं उरली असताना शोल्तिसिकने जिंकून देणारा गोल मारला. पोलंडच्या माणसाला रशियाला हरवणं म्हणजे काय हे वेगळं सांगायला नको, आणि ल्वूवच्या माणसाला तर नकोच नको. फायनलला हंगेरी हाफटाइमला १-० पुढे, नंतर डेयनाचे दोन गोल, २-१. डेयना ९ गोल मारून स्पर्धेत टॉपला.

मग वर्ल्डकपचं क्वालिफाइंग. पोलंड १९३८ नंतर एकदाही वर्ल्डकपला गेलेला नव्हता, आणि ग्रुपमध्ये इंग्लंड आणि वेल्स. पहिल्याच मॅचला कार्डिफमध्ये वेल्सने २-० हरवलं, लोकांनी आशा सोडली. ६ जून १९७३ ला होझूवच्या खचाखच भरलेल्या स्टेडियममध्ये इंग्लंडला २-० हरवलं, दुसरा गोल लुबान्स्कीचा, इंग्लंडचा कॅप्टन बॉबी मूरच्या पायातून चेंडू काढून मारलेला. आणि त्याच मॅचमध्ये लुबान्स्कीचा गुडघा गेला. टीमचा सगळ्यात मोठा स्टार, कॅप्टन, वर्ल्डकप त्याच्यासाठी तिथेच संपला. दुसरी कुठलीही टीम ह्यात बसली असती. गुर्स्कींनी कॅप्टनपद डेयनाला दिलं, आणि पुढच्या फळीत लातो आणि शार्माख ह्यांना जागा झाली.

१७ ऑक्टोबर १९७३, लंडनचं वेम्बली स्टेडियम. इंग्लंडला जिंकणं भाग होतं, पोलंडला बरोबरी पुरेशी. इंग्लंडने तीन आठवड्यांपूर्वी त्याच मैदानावर ऑस्ट्रियाला ७-० चिरडलं होतं, आणि टीव्हीवर इंग्लिश कोच ब्रायन क्लफने पोलंडचा गोलकीपर तोमाशेव्स्कीला सरळ 'क्लाउन' म्हणून टाकलं. पहिला हाफ बघवत नाही, इंग्लंड येतंय, येतंय, येतंय, चेंडू बारला लागतोय, तोमाशेव्स्की कधी हाताने, कधी पायाने, कधी नुसतं अंग मध्ये घालून अडवतोय, दिसायला सगळं वेडंवाकडं पण चेंडू काही आत जात नाही. ५७ व्या मिनिटाला साइडलाइनजवळ चेंडू इंग्लंडच्या नॉर्मन हंटरकडे आला, साधा बाहेर मारला असता तरी चाललं असतं, पण तो चेंडूवर पाय ठेवून वळायला गेला तेवढ्यात लातोने तो काढून घेतला आणि पळत सुटला. समोर मोकळं रान. त्याने आत दोमार्स्कीला दिला, दोमार्स्कीने जमिनीलगत मारला, गोलकीपर शिल्टनच्या अंगाखालून आत. ६३ व्या मिनिटाला क्लार्कने पेनल्टीवर बरोबरी केली, पण त्याच्या पुढे इंग्लंडला जाता आलं नाही. १-१. इंग्लंड बाहेर, आणि काही महिन्यांनी १९६६ चा वर्ल्डकप जिंकून देणारे कोच आल्फ रॅम्झी ह्यांची नोकरी गेली. बऱ्याच ठिकाणी ही मॅच इंग्लंडचं दुर्दैव म्हणून सांगतात ते मला पटत नाही. लातोची ती झडप म्हणजे नशीब नव्हे, दबाव कितीही आला तरी काउंटरला तयार राहायचं हे त्या टीमला शिकवलेलं होतं.

१९७४ ला पश्चिम जर्मनीत पोलंडला कोणी मोजत नव्हतं. पहिल्या मॅचला ८ मिनिटांत अर्जेंटिनावर २-० पुढे, शेवटी ३-२. हैतीला ७-०. मग इटलीला २-१ हरवून घरी पाठवलं. दुसऱ्या राउंडला स्वीडन १-०, युगोस्लाव्हिया २-१. चेंडू मिळाला की दोन्ही बाजूंना लातो आणि गादोखा सुसाट, मध्ये डेयना मान वर करून शांतपणे पास शोधतोय, मागे गोर्गोनसारखा धिप्पाड गडी आणि शेजारी २० वर्षांचा झ्मुदा.

आणि ३ जुलै, फ्रँकफर्ट, पश्चिम जर्मनी, जिंकेल तो फायनलला. गोल फरकामुळे जर्मनीला बरोबरी पण चालणार होती. मॅचआधी ढगफुटीसारखा पाऊस पडला, मैदानावर तळी साचली, फायर ब्रिगेडचे लोक पाइप आणि पंप घेऊन पाणी उपसतायत, रोलर फिरतायत, अर्धा तास मॅच उशिरा. ज्या टीमचा सगळा खेळ वेगावर आणि जमिनीवरच्या पासवर, तिचा चेंडू डबक्यात थांबायला लागला. कोल्हापूरच्या पावसात चिखलात खेळलेल्या कुणालाही कळेल, पास दिला आणि चेंडू अर्ध्यातच रुतून बसला की कसं होतं ते. शार्माख जखमी म्हणून बाहेर होताच. तरी जर्मनीचा गोलकीपर सेप मायरला दोन तीन जबरदस्त सेव्ह करावे लागले, तोमाशेव्स्कीने होनेसची पेनल्टी अडवली, स्वीडनविरुद्धची धरून स्पर्धेतली दुसरी. पण ७६ व्या मिनिटाला गेर्ड म्युलर. १-०. पोलंडमध्ये आजही लोक म्हणतात मैदान कोरडं असतं तर... मी पण त्यातलाच. तीन दिवसांनी तिसऱ्या जागेसाठी ब्राझीलला १-० हरवलं, गोल लातोचा, त्याचा स्पर्धेतला ७ वा, गोल्डन बूट त्याला. ह्या टीमला पोलंडमध्ये 'गुर्स्कीचे गरुड' म्हणतात, जर्सीवरच्या पांढऱ्या गरुडावरून.

गुर्स्कींची पद्धत काय होती तर भाषणं कमी. त्यांच्या जोडीला ग्मोख आणि स्त्रेयलाव हे दोन असिस्टंट, ग्मोख इंजिनियर डोक्याचा, समोरच्या टीमची सगळी माहिती गोळा करून आणायचा, त्या काळात हे फार कमी लोक करत होते. गुर्स्की त्यातून खेळाडूच्या डोक्यात राहील तेवढंच सांगायचे. चेंडू गोल आहे आणि गोलपोस्ट दोन आहेत, ही त्यांच्या नावावरची ओळ पोलंडमध्ये आज म्हणीसारखी वापरतात. ऐकायला साधी वाटते पण आठ गोल खाल्लेल्या आणि गाव गमावलेल्या माणसाच्या तोंडून आल्यावर तिचं वजन वेगळं.

शेवट मात्र चांगला झाला नाही. १९७५ ला होझूवमध्ये क्रॉइफच्या हॉलंडला ४-१ हरवलं, पण नंतर ॲमस्टरडॅममध्ये ०-३ आणि युरो हुकली. १९७६ च्या माँट्रियल ऑलिंपिकला फायनलमध्ये पूर्व जर्मनीकडून ३-१ हार, सिल्व्हर मिळालं, तर ते घरी अपयश धरलं गेलं. सिल्व्हर! सहा वर्षांपूर्वी कोणी स्वप्नात बघितलं नसतं. गुर्स्कींनी पद सोडलं. पण जाता जाता, १९७६ च्या मार्चमध्ये, त्यांनी एका २० वर्षांच्या पोराला पहिली कॅप, म्हणजे देशाकडून पहिली मॅच, देऊन ठेवली होती, बोनिएक त्याचं नाव, जो १९८२ ला पोलंडला परत तिसऱ्या नंबरावर नेणाऱ्या टीमचा हिरो झाला.

पुढे ग्रीसला गेले, पानाथिनाइकोसला १९७७ ला लीग आणि कप दोन्ही जिंकून दिले, नंतर ओलिंपियाकोस पण केलं, १९९१ ते १९९५ पोलिश फुटबॉल असोसिएशनचे अध्यक्ष होते. २३ मे २००६ ला वॉर्सात गेले, जर्मनीत परत वर्ल्डकप सुरू व्हायला जेमतेम अडीच आठवडे उरले होते आणि पोलंड त्यात खेळणार होता. वॉर्साच्या नॅशनल स्टेडियमला आता त्यांचं नाव आहे, बाहेर २०१५ पासून पुतळा पण आहे. आणि तिकडे लव्हिवमध्ये, २००९ ला, तिथे उरलेल्या पोलिश लोकांनी पोगोन क्लब परत सुरू केला.