रामटंका दाखवायला किंवा विकायला आणण्यापूर्वी
(आमच्या पेढीच्या ग्राहकांसाठी माहितीपत्रक)

रामनवमी किंवा दिवाळी आली की देवघरं घासूनपुसून लख्ख होतात आणि आमच्या काउंटरवर रामटंके, म्हणजे राम-सीतेचं चित्र असलेली पूजेची नाणी, यायला लागतात. कुणी रुमालात बांधून आणतं, कुणी कुंकवाच्या डबीत घालून. प्रश्न ठरलेले: “किती जुना?” आणि “याचे किती येतील?” गर्दीत नीट उत्तर देणं होत नाही, म्हणून हे पत्रक.

रामटंक्याच्या एका बाजूला रामाचा दरबार असतो. सिंहासनावर राम-सीता, आजूबाजूला छत्र-चामर घेतलेले बंधू आणि पायाशी हनुमान. दुसऱ्या बाजूला धनुष्य घेतलेले राम-लक्ष्मण आणि कडेने नागरी अक्षरं. ती अक्षरं म्हणजे ‘राम लक्ष्मण जानकी, जय बोलो हनुमान की’ हा घोषच. पण ठसा (ज्याने नाण्यावर चित्र उमटतं तो साचा) खोदणाऱ्याची अक्षरओळख बेताची असायची, त्यामुळे ‘लछमन’, ‘हनमानक’ असं काहीबाही उमटलेलं दिसतं. एका ठशावरून दुसरा, दुसऱ्यावरून तिसरा असं होत होत काही ठिकाणी अक्षरांची नुसती नक्षी उरली आहे.

खाली बहुतेक वेळा १७४० किंवा तसलाच आकडा असतो, आणि घोळ तिथूनच सुरू होतो. हे पाडल्याचं साल नव्हे. तोही ठशाबरोबर नकलत आलेला आकडा आहे. गेल्या शंभर वर्षांत पाडलेल्या टंक्यांवरही तोच सापडतो. राजाचं नाव नाही, टाकसाळीचं नाव नाही. असणार तरी कसं? रामटंका हे कुठल्याच राज्याचं चलन नव्हतं. तो पूजेसाठी, तीर्थक्षेत्राची आठवण म्हणून, बारशा-लग्नात द्यायला पाडला गेला. त्याला बाजारात कधी भाजी मिळाली नाही.

राम-सीतेची खरीखुरी राजमुद्रांकित नाणी आहेत, हेही सांगायला हवं. अकबराने त्याने स्वतःच सुरू केलेल्या इलाही सनाच्या ५० व्या वर्षी, म्हणजे १६०४-०५ च्या सुमारास, राम-सीतेचं चित्र असलेली नाणी पाडली. त्यांच्यावर नागरीत ‘राम सीय’ असं लिहिलेलं आहे. विजयनगरच्या तिरुमलरायाच्या सोन्याच्या नाण्यांवरही राम, सीता आणि लक्ष्मण आहेत. ही नाणी अतिशय दुर्मीळ आहेत. तुमच्या आजीच्या डबीत ती असण्याची शक्यता जवळजवळ शून्य, हे आम्ही आधीच सांगून टाकतो. आणि शिवराज्याभिषेकाचा होन, म्हणजे सोन्याचं नाणं, विचाराल, तर त्यावर देवाचं चित्र नाहीच. एका बाजूला ‘श्री राजा शिव’ आणि दुसऱ्या बाजूला ‘छत्रपति’, एवढीच अक्षरं. महाराजांची छबी असलेला ‘१६७४ चा होन’ कुणी देऊ केला तर नुसता नमस्कार करावा आणि पुढे चालावं.

आता आमची डोकेदुखी: ‘ईस्ट इंडिया कंपनी’ असं इंग्रजीत लिहिलेले हनुमान, रामदरबार आणि लक्ष्मी. त्यांच्यावर १६१६, १७१७, १८१८, १८३९ अशी साजरी सालं आणि ‘हाफ आणा’ किंवा ‘यूकेएल वन आणा’ असा मजकूर असतो. १६१६ मध्ये कंपनी सुरतेत वखार टाकून व्यापार करत होती आणि इंग्लंडच्या राजाचा वकील टॉमस रो तिच्यासाठी जहांगीरच्या दरबारात सवलती मागत होता. ती हनुमानाचे आणे कुठून पाडणार? १७१७ साली मुघल बादशहा फर्रुखसियरने मुंबईत रुपये पाडायची परवानगी दिली, तीही बादशहाच्या नावाने, फारसी अक्षरांत. १८१८ च्या सुमारास मुंबई इलाख्यातल्या तांब्याच्या नाण्यांवर तराजू दिसतो. १८३५ च्या कायद्यानंतर तांब्याच्या पाव आण्यावर आणि अर्ध्या आण्यावर कंपनीचं सिंहांचं मानचिन्ह आलं. मद्रासकडच्या ‘पॅगोडा’ नावाच्या सोन्याच्या नाण्यांवर मात्र कंपनीने विष्णू ठेवला होता, कारण तिथल्या लोकांना तेच नाणं ओळखीचं होतं. पण तांब्याचा हनुमान-आणा? ते चलनच कल्पनेतलं.

याच नाण्यांना ‘राईस पुलर’ म्हणून लाखो-करोडोंचा भाव सांगितला जातो. वीज पडली, नाण्याचं इरिडियम (एक दुर्मीळ धातू) झालं, नाणं तांदूळ ओढतं, परदेशातली अंतराळ संस्था विकत घेणार, अशी ती कहाणी. तांबं लोहचुंबकाला चिकटत नाही आणि तांदूळही नाही. दाण्यांना लोखंडाचा कीस लावलेला असतो आणि नाण्याच्या आत किंवा खाली चुंबक. मग कोट घातलेला ‘शास्त्रज्ञ’ येतो आणि ‘तपासणी फी’ मागतो. त्यांची सगळी कमाई त्या फीत आहे. रिझर्व्ह बँकेच्या नावाने कमिशन मागणारेही असतात. बँकेनेच २०२१ मध्ये जाहीर केलं आहे की अशा व्यवहारांशी तिचा काही संबंध नाही.

मग तुमच्या टंक्याची किंमत काय? धातू, वजन आणि ठशाची कारागिरी. आम्ही तुमच्यासमोर काट्यावर वजन करतो आणि पाण्यात तोलून घनता काढतो. चांदीची पाण्याच्या साधारण १०.५ पट येते, पितळेची साडेआठ पटीच्या आसपास. ठसा सुबक असेल, जुना वाटत असेल, तर वर थोडे पैसे सुचवतो. पितळेचा असेल तर तसं स्पष्ट सांगतो. देवघरातला टंका मोडीत घालू नका, असं आम्ही आपणहून सुचवतो. चांदीचे पैसे फार होत नाहीत आणि घरी गेल्यावर वाद मात्र होतात.

पूजेचा टंका पितांबरीने घासला तरी चालेल, तो घासण्यासाठीच आहे. पण खरं जुनं नाणं असल्याची शंका असेल तर चिंच, लिंबू, पावडर काहीही लावू नका. वरची काळी झाक गेली की संग्राहक पाठ फिरवतो. मऊ प्लास्टिकच्या पाकिटापेक्षा कागदी पाकीट बरं.

शेतात किंवा घराचा पाया खणताना नाणी सापडली असतील तर आधी आमच्याकडे नव्हे, जिल्हाधिकाऱ्यांकडे जा. १८७८ च्या निखात निधी (म्हणजे पुरलेलं धन) कायद्याने कळवणं बंधनकारक आहे. आणि शंभर वर्षांहून जुनं नाणं परदेशातल्या मुलाला कुरिअरने पाठवता येत नाही. १९७२ च्या कायद्याने ते पुरावस्तू ठरतं.

आम्ही रामनवमीला चांदीचे नवे टंके पाडून देतो. त्यावर कडेला बारीक अक्षरांत चालू साल, शुद्धता आणि आमची खूण असते. काही ग्राहक म्हणतात, “साल काढा की, जुनं वाटेल.” ते आम्ही काढत नाही.