पार्श्वभूमी : गुन्हेगारी मालिकांमागचे सूर

दूरदर्शनच्या दिवसांत चाळीत टीव्ही एका घरी आणि प्रेक्षक चार घरांचे. पोळ्या लाटणाऱ्या बाईला किंवा गॅलरीत गप्पा मारणाऱ्याला मालिका सुरू झाल्याची वर्दी द्यायची ती शीर्षकधूनच. पोलिसांच्या १०० क्रमांकावरून नाव घेतलेली बी. पी. सिंग यांची 'एक शून्य शून्य' ज्यांनी पाहिली, त्यांना हे वेगळं सांगायला नको. तेव्हा संगीतकाराकडून मुख्य अपेक्षा एकच : भिंतीपलीकडूनही ओळखू येईल अशी धून. १९९३च्या 'ब्योमकेश बक्षी'साठी आनंद शंकर यांनी ती करून दिली.

१९९८मध्ये सिंग यांचीच 'सीआयडी' सोनीवर आली. पहिल्या वीस वर्षांत तिचे दीड हजारांहून जास्त भाग झाले. इतक्या लांब चालणाऱ्या मालिकेत प्रत्येक भागाला नवं संगीत करायला ना वेळ असतो, ना पैसा. अशा वेळी संगीतकार तुकड्यांचा साठा करून देतो : पाठलागाचा, संशयाचा, प्रेत सापडल्याचा. पुढे संकलक प्रसंग बघून ते लावत जातो. एकच तुकडा वर्षानुवर्षं वाजतो आणि तो बांधणाऱ्याचं नाव शेवटच्या श्रेयनामावलीत भर्रकन सरकून जातं. मला याचं फार वाईट वाटतं. संगीतकाराचा रॉयल्टीचा हक्क करारात कायमचा लिहून घेता येणार नाही, ही तरतूद कॉपीराइट कायद्यात आली तीही २०१२मध्ये.

खरा फरक पडला वेबमालिकांमुळे. 'सेक्रेड गेम्स'चं (२०१८) पार्श्वसंगीत अलोकनंदा दासगुप्ता यांचं. मराठी प्रेक्षकाला त्यांचं काम त्याआधीच 'फँड्री'त भेटलेलं होतं. पहिल्या पर्वाचे आठच भाग, त्यामुळे पहिल्या भागात पात्राला दिलेले सूर आठव्यात मोडून-तोडून परत आणता येतात. साठ्यातल्या तुकड्यांना हे जमत नाही.

एक प्रसंग घ्या. जुन्या इमारतीचा लाकडी जिना पोलीस चढतोय. पूर्वी पहिल्याच पायरीला ढोल आणि व्हायोलिनं सुरू झाली असती. आता पायऱ्यांची करकर तशीच ठेवतात, तिच्याखाली एकच खर्जातला सूर धरतात. मोबाइलच्या स्पीकरवर तो धड ऐकूही येत नाही. दार उघडण्याच्या क्षणभर आधी तोही थांबतो, आणि पोटात गोळा येतो तो तिथे. कुठे थांबायचं हे कळणं, याला मी या कामातलं सगळ्यात अवघड कसब मानते.

म्हणून शीर्षकधून संपली, असं मात्र नाही. सुरुवातीची नामावली गाळायचं बटण हाताशी असतानाही ऑक्टोबर २०२०मध्ये 'स्कॅम १९९२'ची अचिंत ठक्कर यांची धून लोक पुन्हा पुन्हा ऐकत होते. तेव्हा मुंबईच्या लोकल सर्वांसाठी खुल्या नव्हत्या. फेब्रुवारी २०२१मध्ये त्या ठरावीक वेळांत सगळ्यांसाठी सुरू झाल्या आणि गर्दीत कुणाचा तरी फोन त्याच धुनेत वाजला की चार माना वळायच्या.