पापणी लवते न लवते तोच

माझा भाचा नागपूरच्या महाल भागात लग्नांच्या व्हिडिओंचं एडिटिंग करतो. मे महिन्यातल्या एका दुपारी त्याच्या खोलीत कूलरसमोर बसलो होतो. स्क्रीनवर नवरी मंगलाष्टकं ऐकत उभी, आणि यानं मधेच कट मारून वरमाय आणली.

"इथंच काऊन कापलं रे?"

"मामा, पाहा न, तिची पापणी लवली. तिथं कापलं तं झटका बसत नाही."

नेमकं हेच हॉलिवूडचा संकलक वॉल्टर मर्चच्या लक्षात आलं होतं. दिग्दर्शक फ्रान्सिस फोर्ड कपोलाचा 1974 चा 'द कॉन्व्हर्सेशन' संकलित करताना तो जिथे कापायचं ठरवी, तिथेच आसपास नट जीन हॅकमनची पापणी लवलेली असे. पात्राचा एक विचार संपला की पापणी लवते, असं मर्चचं म्हणणं. पुढे कपोलाच्याच 'अपोकॅलिप्स नाऊ'साठी साडेबारा लाख फूट फिल्म चित्रित झाली, म्हणजे सुमारे 230 तास. त्यातून अडीच तासांचा सिनेमा काढणाऱ्या संकलकांत मर्च होता. काम करतो उभ्यानं, आचाऱ्यासारखा.

आता शाळेतलं दृष्टिसातत्य (पाहिलेलं चित्र डोळ्यात क्षणभर टिकतं, ते) आठवून कुणी म्हणेल, त्यात काय! पण दृष्टिसातत्याचा कटशी संबंध नाही. कटमध्ये सेकंदाच्या चोविसाव्या भागात समोरचं अख्खं जग बदलतं, तरी प्रेक्षक खुर्चीतून पडत नाही. का?

आरशासमोर उभे राहा. आधी स्वतःच्या डाव्या डोळ्याकडे पाहा, मग उजव्या. डोळे हललेले दिसतात? नाही दिसणार. शेजारी उभ्या माणसाला मात्र स्वच्छ दिसतात. नजर सेकंदाला तीनेक वेळा अशी उडी घेते. एकेक उडी सिनेमाच्या एका-दोन फ्रेमइतकी. त्या वेळी डोळ्यातलं चित्र फराटल्यासारखं सरकतं, आणि मेंदू तेवढा तुकडा कापून टाकतो.

ही कापाकापी कशी होते, त्यावर माझा फार जीव आहे. डोळ्याच्या स्नायूंना हलण्याचा हुकूम सुटतो, तेव्हा त्याची एक प्रत, सरकारी भाषेत 'माहितीस्तव सादर', दृष्टीच्या खात्याकडेही जाते. मध्यमेंदूतल्या सुपीरियर कॉलिक्युलसमधून निघून थॅलॅमसमार्गे ती पुढच्या मेंदूतल्या नेत्रक्षेत्रात पोचते. तोवर मुख्यतः हालचाल टिपणाऱ्या मॅग्नोसेल्युलर मार्गाची संवेदनक्षमता उतरवलेली असते. (नावं विसरलात तरी चालेल, ती प्रत विसरू नका.) मध्यमेंदूचं खरं काम हे असलं. 'मिडब्रेन ॲक्टिव्हेशन'चे क्लासवाले पोरांना डोळ्यांवर पट्टी बांधून वाचायला लावतात, तिथे मध्यमेंदू काही करत नसतो. नाकाशेजारची फट करत असते. फिया भरणाऱ्या आईबापांनी ती फट बुजवून पाहावी.

पापणीचंही असंच. मिनिटाला पंधराएक वेळा आपल्यासमोर अंधार होतो आणि आपल्याला पत्ताही नसतो. 1980 साली संशोधकांनी एक अफलातून प्रयोग केला. प्रकाश चक्क तोंडात, टाळूवर सोडला. तिथून तो दृष्टिपटलावर पोचतो, पापणीचा अडथळाच नाही. तरीही पापणी लवताना त्या प्रकाशातला फरक कमी जाणवला. म्हणजे पडदा पडायच्या आत मेंदूनं दिवे मंद केलेले असतात.

मर्चच्या म्हणण्याला बळ मिळालं 2009 मध्ये. जपानी संशोधकांनी लोकांना 'मिस्टर बीन' दाखवला, तर अनेकांच्या पापण्या एकाच सुमारास लवल्या. एखादी कृती पुरी झाली की लवायच्या, महत्त्वाच्या क्षणी नाही. मत्स्यालयाच्या चित्रफितीत मात्र असा मेळ बसला नाही. माशांच्या पोहण्यात गोष्ट कुठली!

उजवा डोळा लवला की शुभ मानणाऱ्यांसाठी जाता जाता: ते फडफडणं वेगळं. झोप कमी, चहा जास्त.

निघताना भाच्याला विचारलं, "आणि नवरदेवानं गॉगल घातला असला तं?"

"मग संदलच्या ठोक्यावर कापतो."