विल्काबांबाचे 'सव्वाशे वर्षांचे' आजोबा

दक्षिण इक्वेडोरमधलं विल्काबांबा म्हणजे माणसं सव्वाशे वर्षं जगतात ते गाव, हा फॉरवर्ड अजून फिरतोच आहे. पाणी, हवा, साधा आहार वगैरे.

गाव खरं आहे. लोहा शहरापासून चाळीसेक किलोमीटरवर, अँडीजच्या खोऱ्यात, सुमारे 1500 मीटर उंचीवर. ऊस, कॉफी, मका. 1973 मध्ये हार्वर्डचे डॉक्टर अलेक्झांडर लीफ यांनी इथल्या शतायुषींवर लिहिलं आणि बोलबाला झाला. पण पहिल्या भेटीनंतर चारेक वर्षांनी ते परत गेले होते, तर एका आजोबांचं वय मधल्या काळात दहाहून जास्त वर्षांनी वाढलेलं!

मग रिचर्ड मेझेस आणि सिल्व्हिया फोरमन या अमेरिकन संशोधकांनी चर्चमधल्या बाप्तिस्म्याच्या नोंदी तपासल्या. शंभरी गाठलेला एकही नाही; सर्वांत वयस्कर माणूस 96 चा. सत्तरीनंतर वय फुगवून सांगायची रीत होती. शिवाय एकाच घराण्यात तीच नावं पुन्हापुन्हा, त्यामुळे काकाची नोंद पुतण्याच्या नावावर खपून जायची. तरुण कामासाठी बाहेर पडायचे, म्हणून गावात म्हातारे जास्त दिसायचे, एवढंच.

गंमत म्हणजे खुलासा 1970 च्या दशकातच झाला, तरी गावाचं अर्थकारण अफवेवरच फिरलं. निवृत्त अमेरिकन येऊन राहिले, जमिनी महागल्या.